चाळीच्या गॅलरीत साडेसात मीटरचा कालपट: रशियन अंतराळस्थानकांचा इतिहास कसा मांडावा

गिरगावातल्या आमच्या चाळीत प्रत्येक मजल्यावर एक लांब सामायिक गॅलरी आहे. तिच्या एका बाजूला खोल्यांची दारे आहेत आणि दुसऱ्या बाजूला लाकडी कठडा आहे. एका दिवाळीच्या सुट्टीत चाळीतली मुले आणि आम्ही काही मोठी माणसे यांनी मिळून या कठड्याच्या आतल्या अंगाला सोव्हिएत आणि पुढच्या रशियन अंतराळस्थानकांचा एक कालपट लावला. शाळेच्या विज्ञान प्रदर्शनासाठी, वाचनालयाच्या भिंतीसाठी किंवा गणेशोत्सवातल्या देखाव्यासाठी असा पट करण्याची इच्छा असणाऱ्यांना उपयोग व्हावा, म्हणून त्याची रीत इथे सविस्तर लिहीत आहे.

कागद आणण्यापूर्वी एक गोष्ट ठरवून घ्यावी, ती म्हणजे हा इतिहास कोणत्या धाग्याने सांगायचा. बहुतेक तक्त्यांवर पहिला उपग्रह, पहिला अंतराळवीर, पहिली अंतराळवीर स्त्री, यानाबाहेर पडलेला पहिला माणूस अशी यादी असते. ती खरीच आहे, पण १९६५ नंतर ती एकदम विरळ होते, आणि जे काम रशियाने जगात इतर कोणाहीपेक्षा जास्त काळ केले, ते तिच्यात दिसतच नाही. ते काम म्हणजे पृथ्वीभोवती फिरणाऱ्या एका बंद डब्यात माणसांना महिनोन्‌महिने जिवंत ठेवणे. त्यासाठी त्यांना अन्नपाणी आणि इंधन पोहोचवावे लागते, बिघडलेली वस्तू तिथेच दुरुस्त करावी लागते आणि त्यांना सुखरूप खालीही आणावे लागते. म्हणून माझा आग्रह असा आहे की, पटाचा मुख्य धागा स्थानकाच्या दारांचा ठेवावा. कोणत्या स्थानकाला किती दारे होती, त्या दारांना कोण येऊन जोडले गेले आणि त्यामुळे माणसे किती दिवस राहू शकली, एवढे तीन प्रश्न प्रत्येक स्थानकाला विचारले की साठ वर्षांचा इतिहास आपोआप सुसंगत लागतो. दार म्हणजे इथे डॉकिंग पोर्ट, यान जिथे येऊन घट्ट जोडले जाते ती जागा. मुलांना ‘दार’ हा शब्द लगेच कळतो, आणि पटावरही आम्ही तोच वापरला.

कागद, माप आणि ओळी

जाड खाकी कागदाचा एक गुंडाळा, पांढरे कार्डशीट, काळी, निळी, हिरवी आणि लाल शाई, लांब पट्टी, सुतळी आणि कपड्यांचे चिमटे एवढे साहित्य पुरते. मुंबईत हे काम पावसाळ्यात करू नये. दमट हवेने कागद ताणला जातो, खळ सुटते आणि कष्टाने आखलेले माप बिघडते. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ उत्तम, आणि पुढे लिहिलेल्या गच्चीवरच्या निरीक्षणासाठीही तोच काळ लागतो. गणेशोत्सवासाठी करायचे असेल, तर पट उन्हाळ्यात तयार करून प्लास्टिकच्या पारदर्शक आवरणात बंद करून ठेवावा.

एका वर्षाला १० सेंटिमीटर हे माप घ्यावे. १९५७ च्या जानेवारीपासून २०३० च्या डिसेंबरपर्यंत ७४ वर्षे होतात, म्हणजे पट्टी ७ मीटर ४० सेंटिमीटर लांब होते. या मापात १ मिलिमीटर म्हणजे साधारण साडेतीन दिवस. हे गणित मुलांकडूनच करून घ्यावे, कारण पुढची सारी मजा त्या मिलिमीटरांत आहे. गागारिन यांचे १०८ मिनिटांचे उड्डाण या मापात पेन्सिलीच्या टोकाहूनही बारीक ठरते, तर व्हालेरी पोल्याकोव यांचे ‘मीर’वरचे सलग ४३७ दिवस जवळजवळ १२ सेंटिमीटर भरतात. दोन्ही उड्डाणे एकाच पट्टीवर एकाच मापाने काढली, की ३३ वर्षांत काय बदलले हे शब्दांशिवाय कळते.

पट्टीवर आडव्या तीन ओळी आखाव्यात. वरच्या ओळीत स्थानके काढावीत आणि स्थानक कक्षेत असेपर्यंत तिथे बारीक रेघ ओढावी. मधल्या ओळीत माणसे दाखवावीत. जितके दिवस स्थानकावर कोणी राहत होते, तितकी जाड रेघ काढावी. खालच्या ओळीत ये-जा करणारी याने आणि अपघात येतील. बारीक आणि जाड रेघेतला फरक फार महत्त्वाचा आहे, कारण रिकामे फिरणारे स्थानक आणि नांदते स्थानक या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि साध्या तक्त्यांत त्या नेहमी एक होऊन जातात.

तारखांबाबत एक नियम सुरुवातीलाच करावा. ‘मीर’चा मुख्य भाग मॉस्कोच्या घड्याळाप्रमाणे २० फेब्रुवारी १९८६ रोजी उडाला, पण ग्रिनिचच्या वेळेने तेव्हा १९ तारीख होती, त्यामुळे दोन पुस्तकांत दोन तारखा सापडतात आणि मुलांमध्ये वाद होतो. आम्ही सर्वत्र मॉस्कोची तारीख धरली आणि तसे पट्टीच्या सुरुवातीला लिहिले. नावांचे अर्थही तिथेच लिहावेत: ‘वोस्तोक’ म्हणजे पूर्व, ‘सोयूझ’ म्हणजे संघ, ‘सल्यूत’ म्हणजे सलामी, ‘झार्या’ म्हणजे पहाट, ‘झ्वेझ्दा’ म्हणजे तारा, आणि ‘मीर’ या एका शब्दात शांतता आणि जग हे दोन्ही अर्थ आहेत.

पहिली दीड मीटर

या भागात फार रेंगाळू नये. ४ ऑक्टोबर १९५७ चा स्पुत्निक आणि त्याच वर्षीच्या ३ नोव्हेंबरला गेलेली लायका कुत्री यांच्यासाठी एक एक ठिपका पुरे. १२ एप्रिल १९६१ चे गागारिन यांचे उड्डाण पट्टीच्या डाव्या टोकापासून साधारण ४३ सेंटिमीटरवर येते. तिथे एक वाक्य जरूर लिहावे की, गागारिन यानासह जमिनीवर उतरले नाहीत. सुमारे ७ किलोमीटर उंचीवर ते आसनासह बाहेर फेकले गेले आणि वेगळ्या पॅराशूटने उतरले, कारण ‘वोस्तोक’ या त्यांच्या यानाच्या गोल कुपीचे उतरणे माणसासाठी फार दणक्याचे होते. सोव्हिएत सरकारने ही गोष्ट अनेक वर्षे लपवून ठेवली. त्याच वर्षाच्या अखेरीस गागारिन भारतात आले होते आणि मुंबईलाही येऊन गेले होते, त्यामुळे हा ठिपका आमच्या वडीलधाऱ्यांना विशेष जवळचा वाटला.

१६ जून १९६३ चे व्हॅलेंतिना तेरेश्कोवा यांचे उड्डाण, १८ मार्च १९६५ रोजी अलेक्सी लिओनोव यांचे यानाबाहेर सुमारे १२ मिनिटे तरंगणे, आणि २४ एप्रिल १९६७ रोजी ‘सोयूझ-१’चे पॅराशूट नीट न उघडल्याने व्लादिमीर कोमारोव यांचा झालेला मृत्यू या नोंदी कराव्यात. मुख्य अभिकल्पक सर्गेई कोरोल्योव यांचे नाव मात्र त्यांच्या मृत्यूच्या तारखेवर, १४ जानेवारी १९६६ वर लिहावे, कारण तोवर त्यांच्या देशातल्या सामान्य माणसालाही ते ठाऊक नव्हते.

‘सोयूझ’ यान कोणत्या कामासाठी जन्मले हेही इथेच सांगून टाकावे. ते चंद्रमोहिमांच्या योजनेत आखले गेले होते. जुलै १९६९ मध्ये अमेरिका चंद्रावर पोहोचली, त्यानंतर सोव्हिएत अभियंत्यांनी स्थानकाकडे मोर्चा वळवला. व्लादिमीर चेलोमेई यांच्या संस्थेत ‘अल्माझ’ नावाच्या लष्करी स्थानकाचे सांगाडे तयार होत होते. त्या सांगाड्यात ‘सोयूझ’ची तयार यंत्रणा बसवून सव्वा वर्षाच्या आत पहिले स्थानक उभे राहिले.

एक दार असलेली स्थानके

१९ एप्रिल १९७१ रोजी प्रोटॉन रॉकेटने ‘सल्यूत-१’ कक्षेत नेले. हे जगातले पहिले अंतराळस्थानक, आणि त्याला एकच दार होते. चाळीतल्या मुलांना एका दाराचा अर्थ समजवावा लागत नाही. एकच दार असलेल्या खोलीत आपलेच सामान दारात अडकले, की बाहेरून कोणी आत येऊ शकत नाही. राहायला आलेल्या अंतराळवीरांचे यान त्या एकमेव दाराला जोडलेले असल्याने, ते आत असेपर्यंत दुसरे यान रसद घेऊन येणे अशक्य होते, आणि बरोबर आणलेले संपले की परतणे भाग होते.

पहिले यान ‘सोयूझ-१०’ त्या दारापर्यंत पोहोचले, पण घट्ट जोडले गेले नाही आणि परत फिरले. ‘सोयूझ-११’मधून गेलेले गिओर्गी दोब्रोवोल्स्की, व्लादिस्लाव वोल्कोव आणि विक्तोर पात्सायेव ७ जून १९७१ रोजी स्थानकात शिरले. त्यांची जाड रेघ केवळ ६ मिलिमीटर भरते. ३० जूनला परतताना, यानाचे भाग एकमेकांपासून सुटण्याच्या हादऱ्याने कुपीची एक झडप सुमारे १६८ किलोमीटर उंचीवरच उघडली. ती जमिनीजवळ आल्यावर उघडायची होती. कुपीतली हवा निघून गेली. तिघांच्या अंगावर अंतराळपोशाख नव्हते, कारण तीन माणसे पोशाखांसह बसण्याइतकी जागाच त्या कुपीत नव्हती. पॅराशूट ठरल्याप्रमाणे उघडले, कुपी अलगद उतरली, आणि दार उघडणाऱ्यांना आत तिघेही मृत आढळले.

या नोंदीपाशी मी मुलांना थांबवतो. प्रत्यक्ष अंतराळात, म्हणजे वातावरणाच्या वर, मरण पावलेली माणसे आजवर हीच तीन आहेत. त्या घटनेनंतर ‘सोयूझ’मधले एक आसन काढून टाकले, उरलेल्या दोघांना उड्डाणाच्या आणि परतीच्या वेळी पोशाख सक्तीचा झाला, आणि तिसरे आसन १९८० मध्ये सुधारित ‘सोयूझ-टी’ यानातच परत आले. पट्टीवर मात्र सर्वात बोलकी आहे ती रिकामी जागा. ३० जून १९७१ पासून सप्टेंबर १९७३ च्या ‘सोयूझ-१२’पर्यंत एकही सोव्हिएत माणूस अंतराळात गेला नाही, आणि मधली ओळ २२ सेंटिमीटर कोरी राहते. ती भरण्याचा मोह टाळावा. आमच्या पट्टीवर एका मुलाने तिथे सुंदर रॉकेट काढले होते, ते पुसून टाकायला त्याला बरेच समजवावे लागले.

या काळातल्या आकड्यांचा घोळ नीट सोडवून दाखवणे हे पट करणाऱ्याचे महत्त्वाचे काम आहे. लष्करी ‘अल्माझ’ स्थानके लपवण्यासाठी त्यांनाही ‘सल्यूत’ हेच नाव दिले गेले. ‘सल्यूत-२’, ‘३’ आणि ‘५’ ही प्रत्यक्षात लष्करी होती, आणि ‘सल्यूत-३’वर तर एक तोफही बसवलेली होती. ही तीन नावे हिरव्या शाईने आणि बाकीची निळ्या शाईने लिहावीत. निळ्या स्थानकांच्या कारखान्यातल्या मालिकेचे नाव ‘दोस’, म्हणजे दीर्घकालीन कक्षीय स्थानक. ‘दोस-१’ म्हणजे ‘सल्यूत-१’. ‘दोस-२’ जुलै १९७२ मध्ये प्रक्षेपणातच नष्ट झाले. ‘दोस-३’ मे १९७३ मध्ये कक्षेत जाऊन निकामी झाले, आणि ते अपयश झाकण्यासाठी त्याला ‘कॉसमॉस-५५७’ असे एक साधे नाव देण्यात आले. ‘दोस-४’ म्हणजे ‘सल्यूत-४’, ‘दोस-५’ म्हणजे ‘सल्यूत-६’, ‘दोस-६’ म्हणजे ‘सल्यूत-७’, ‘दोस-७’ म्हणजे ‘मीर’, आणि ‘दोस-८’ म्हणजे आज आंतरराष्ट्रीय स्थानकाचा भाग असलेले ‘झ्वेझ्दा’. हे आठ क्रमांक स्थानकांच्या नावांखाली लाल शाईने लिहिले, की एकाच घराण्याच्या आठ पिढ्या एका ओळीत दिसतात. माझ्या मते साऱ्या पटातली सर्वात मोलाची नोंद हीच आहे.

जुलै १९७५ मध्ये ‘सोयूझ-१९’ आणि अमेरिकेचे अपोलो यान कक्षेत जोडले गेले, त्याची खालच्या ओळीत एक खूण करून पुढे जावे.

दुसरे दार

२९ सप्टेंबर १९७७ रोजी गेलेल्या ‘सल्यूत-६’ला पुढे एक आणि मागे एक अशी दोन दारे होती. पट्टीवर हे स्थानक काढताना दोन्ही टोकांना दारे काढून रंगवावीत. सुरुवात चांगली झाली नव्हती, कारण ‘सोयूझ-२५’ला पुढच्या दाराशी जोडले जाणे जमले नाही. मग युरी रोमानेंको आणि गिओर्गी ग्रेच्को ‘सोयूझ-२६’ने गेले आणि मागच्या दाराला जोडले गेले. ग्रेच्को यांनी स्थानकाबाहेर पडून पुढचे दार तपासले, ते निर्दोष निघाले, आणि जानेवारी १९७८ मध्ये तिथे दुसरे यान आले. त्याच महिन्यात ‘प्रोग्रेस-१’ हे माणूस नसलेले मालवाहू यान मागच्या दाराशी पोहोचले. त्याने अन्न, पाणी, उपकरणे तर आणलीच, पण नळ्यांमधून स्थानकाच्या टाक्यांत इंधनही भरले. रिकामे झाल्यावर त्यात कचरा भरला गेला आणि वातावरणात शिरून ते जळून गेले. आजही हीच रीत चालू आहे.

याचा परिणाम मधल्या ओळीत मोजून दाखवावा. ‘सल्यूत-६’वरच्या दीर्घ मुक्कामांचे दिवस ९६, १४०, १७५ आणि १८५ असे वाढत गेले. रेघा अनुक्रमे २.६, ३.८, ४.८ आणि ५.१ सेंटिमीटर भरतात. ‘सल्यूत-१’च्या ६ मिलिमीटरांशेजारी त्या ठेवल्या, की दुसऱ्या दाराने काय केले ते वेगळे सांगावे लागत नाही.

दुसऱ्या दारामुळे पाहुणेही येऊ शकले. कक्षेत उभे असलेले ‘सोयूझ’ काही महिन्यांनी भरवशाचे राहत नाही, म्हणून ताज्या यानातून पाहुणे यायचे, आठवडाभर राहायचे आणि यजमानांच्या जुन्या यानातून परत जायचे. मार्च १९७८ मध्ये चेकोस्लोव्हाकियाचे व्लादिमीर रेमेक पहिले परदेशी पाहुणे ठरले, आणि सहा वर्षांनी पुढच्या ‘सल्यूत-७’वर राकेश शर्मा गेले.

राकेश शर्मा यांची नोंद पट्टीच्या डाव्या टोकापासून साधारण २७२ सेंटिमीटरवर येते. तिथे आमची एक चूक झाली होती, ती इतरांनी टाळावी. ३ एप्रिल १९८४ रोजी ते ‘सोयूझ टी-११’ने गेले, पण ११ एप्रिलला ‘सोयूझ टी-१०’ने परतले, आणि आम्ही दोन्हीकडे ‘टी-११’ लिहिले होते. कारण वर सांगितलेलेच आहे: ताजे यान यजमानांसाठी मागे ठेवले गेले. ज्या कुपीतून ते उतरले, ती दिल्लीच्या नेहरू तारांगणात आहे. ‘सल्यूत-७’वर तेव्हा लिओनिद किझिम, व्लादिमीर सोलोव्योव आणि ओलेग आत्कोव हे यजमान होते आणि त्यांचा मुक्काम २३७ दिवसांचा होता. राकेश शर्मा यांच्या ७ दिवस २१ तास ४० मिनिटांची रेघ २ मिलिमीटरांची, आणि ती त्या साडेसहा सेंटिमीटरांच्या रेघेच्या पोटात बसते. मुलांना ती लहान वाटली, तर भारतावरून जाताना घेतलेली बहुवर्णपटी छायाचित्रे आणि योगासनांचे प्रयोग त्या २ मिलिमीटरांत बसले होते, हे सांगावे. त्यांच्या शेजारी बसलेले गेन्नादी स्त्रेकालोव त्याआधी सहाच महिने, २६ सप्टेंबर १९८३ रोजी, प्रक्षेपणतळावर पेटलेल्या रॉकेटच्या टोकावरून सुटका-रॉकेटने खेचले जाऊन वाचले होते. खालच्या ओळीत त्या दिवशी एक लाल खूण करावी आणि तिथून राकेश शर्मा यांच्या नोंदीपर्यंत बाण काढावा.

‘सल्यूत-७’ची आणखी एक कथा आहे, जी सांगायला मला स्वतःला फार आवडते. फेब्रुवारी १९८५ मध्ये, स्थानकावर कोणी नसताना, त्याच्याशी संपर्क तुटला. बॅटरी किती भरली आहे हे सांगणारा एक संवेदक बिघडला होता आणि बॅटरी भरलेली नसतानाही तो ती भरली असल्याचे दाखवत होता, त्यामुळे सौर पंखांचा प्रवाह बॅटऱ्यांपर्यंत जाणे थांबले आणि स्थानक पूर्ण मेले. व्लादिमीर जानिबेकोव आणि विक्तोर साविनिख ६ जूनला ‘सोयूझ टी-१३’ने निघाले. स्थानकाकडून कोणताही संकेत येत नसल्याने त्यांनी लेसर अंतरमापकाने अंतर पाहत, हाताने यान चालवत, त्या निर्जीव डब्याशी जोडणी केली. आत पाणी गोठलेले होते, आणि लोकरी टोप्या, हातमोजे घालून काम करावे लागत होते. त्यांनी चांगल्या बॅटऱ्या निवडल्या, त्या थेट सौर पंखांना जोडल्या, आणि ‘सोयूझ’ची इंजिने वापरून सारे स्थानक सूर्याकडे वळवले. हळूहळू दिवे लागले. ही नोंद लिहिताना जागेची काटकसर करू नये. कार्डशीटवर वेगळा मजकूर लिहून तो पट्टीखाली सुतळीने टांगावा.

सहा दारे

‘मीर’ पट्टीवर २९१ सेंटिमीटरपासून ४४२ सेंटिमीटरपर्यंत, म्हणजे दीड मीटर व्यापते. त्याच्या मुख्य भागाला सहा दारे होती: पुढच्या गोलाकार भागावर पाच आणि मागे एक. आता दारांचा उपयोग बदलला, कारण त्यांना नुसती याने नव्हे, तर नव्या खोल्या जोडल्या जाणार होत्या. ‘क्वांत’ १९८७ मध्ये, ‘क्वांत-२’ १९८९ मध्ये, ‘क्रिस्ताल’ १९९० मध्ये, ‘स्पेक्त्र’ १९९५ मध्ये आणि ‘प्रिरोदा’ १९९६ मध्ये आले, आणि शेवटी स्थानकाचे वजन सुमारे १३० टन झाले. पाच खोल्यांसाठी कार्डशीटचे पाच तुकडे कापून, ज्या वर्षी जी खोली आली त्या जागी लटकवावेत. १९९० आणि १९९५ यांच्या मधली अर्ध्या मीटरची रिकामी जागा मग लक्षात येते, आणि तिचे कारण आकाशात सापडत नाही.

ते कारण सांगायला सर्गेई क्रिकाल्योव यांची रेघ पुरते. १८ मे १९९१ रोजी ते सोव्हिएत संघातून उडाले. ते वर असतानाच त्यांच्या लेनिनग्राद शहराचे नाव बदलले, डिसेंबरमध्ये देशच विसर्जित झाला, आणि ज्या बैकोनूर प्रक्षेपणतळावरून ते निघाले होते तो कझाकस्तान या वेगळ्या देशात गेला. ठरल्याप्रमाणे ऑक्टोबरमध्ये परतायचे होते, पण त्यांची जागा घेणारा अभियंता त्या यानातून आला नाही, म्हणून ते थांबले आणि ३११ दिवसांनी, २५ मार्च १९९२ रोजी उतरले. त्यांची साडेआठ सेंटिमीटरांची रेघ आम्ही दोन रंगांत काढली आणि डिसेंबर १९९१ ला रंग बदलला.

पुढच्या वर्षांतल्या दोन अपघातांना जागा राखून ठेवावी. २३ फेब्रुवारी १९९७ रोजी प्राणवायू देणारी एक रासायनिक कांडी पेटून आग लागली. त्याच वर्षी २५ जूनला, हाताने चालवण्याचा प्रयोग करत असताना ‘प्रोग्रेस’ मालवाहू यान ‘स्पेक्त्र’वर आदळले आणि हवा गळू लागली. ‘स्पेक्त्र’चे दार बंद करायचे, तर त्यातून गेलेल्या तारा आड येत होत्या. अलेक्सांद्र लाझुत्किन आणि मायकेल फोल यांनी त्या सोडवून आणि कापून दार बंद केले, आणि वासिली त्सिब्लियेव यांच्यासह तिघेही वाचले. ‘मीर’ २३ मार्च २००१ रोजी दक्षिण प्रशांत महासागरात पाडण्यात आले.

पट्टी अजून संपलेली नाही

२० नोव्हेंबर १९९८ रोजी आंतरराष्ट्रीय स्थानकाचा पहिला भाग ‘झार्या’ उडाला, तेव्हा ‘मीर’ अजून कक्षेत होते. त्यामुळे पट्टीवर दोन बारीक रेघा सुमारे २३ सेंटिमीटर एकमेकींच्या वरखाली जातात. ‘झार्या’ रशियात बांधले गेले, पण त्याचा खर्च अमेरिकेने केला होता. ‘मीर’च्या वारसासाठी बांधलेला सांगाडा १२ जुलै २००० रोजी ‘झ्वेझ्दा’ म्हणून गेला, आणि २ नोव्हेंबर २००० रोजी विल्यम शेफर्ड, युरी गिदझेंको आणि तेच सर्गेई क्रिकाल्योव आत शिरले. त्या दिवसापासून जाड रेघ कुठेही तुटत नाही. २०११ च्या जुलैपासून २०२० च्या मेपर्यंत त्या स्थानकावर माणसे नेणारे एकमेव यान ‘सोयूझ’ होते. ही सुमारे ८९ सेंटिमीटरांची पट्टी खालच्या ओळीत रंगवून दाखवावी. ११ ऑक्टोबर २०१८ रोजी ‘सोयूझ एमएस-१०’चे रॉकेट वाटेत बिघडले, पण दोघेही सुखरूप उतरले. जुलै २०२१ मध्ये ‘नाउका’ हा मोठा भाग जोडला गेला.

गगनयानासाठी निवडलेल्या चार भारतीय वैमानिकांनी फेब्रुवारी २०२० ते मार्च २०२१ या काळात मॉस्कोजवळच्या गागारिन केंद्रात प्रशिक्षण घेतले. त्यांपैकी शुभांशु शुक्ला २६ जून २०२५ रोजी स्थानकात पोहोचले, पण अमेरिकी यानाने, म्हणून त्यांची नोंद वेगळ्या शाईत करावी.

उजवीकडचा उरलेला कागद कापू नये. पट लावून झाल्यावर एका निरभ्र संध्याकाळी मुलांना गच्चीवर न्यावे. स्थानकाच्या कक्षेचा विषुववृत्ताशी कोन ५१.६ अंशांचा आहे. बैकोनूर सुमारे ४६ अंश उत्तरेला असल्याने तिथून निघणाऱ्या यानांना पोहोचता यावे, म्हणून तो ठरवला गेला. १९ अंशांवरची मुंबई त्या पट्ट्यात आरामात येते. सूर्यास्तानंतर किंवा पहाटे तासा-दीड तासाच्या अवधीत, आपण अंधारात आणि स्थानक मात्र उन्हात असताना ते न लुकलुकणाऱ्या तेजस्वी ठिपक्यासारखे चार-सहा मिनिटांत आकाश ओलांडते. शहराच्या दिव्यांतही ते दिसते. कोणत्या दिवशी कोणत्या दिशेने जाईल ते आधी मोबाइलवर पाहून ठेवावे, आणि पश्चिमेकडून येणार असेल तर समुद्राकडची बाजू मोकळी असलेली जागा निवडावी. त्या ठिपक्यात ‘दोस-८’ आहे, हे एका मुलाने मोठ्याने सांगावे, आणि दुसऱ्याने घड्याळ धरून तो पृथ्वीच्या सावलीत कधी विझतो ते टिपावे. ती तारीख आणि वेळ खाली येऊन, पट्टीवर त्या वर्षाच्या जागी, पेन्सिलीने लिहावी.